चालतं ऊन

आमच्या उदगिरातले मन्मथअप्पा उन्हावर बसायचे. उन्हात नव्हे, उन्हावर. उन्हात काय, आमच्याकडं म्हशीही बसतात.

अप्पांची पिठाची गिरणी माझ्या जागेत आहे. पुढं गिरणी, मागं त्यांची राहायची खोली, वर सलग पत्रे आणि पत्र्यांना भोकं. सकाळी गिरणी सुरू झाली की पीठ उडायचं आणि भोकांतून उतरलेले कवडसे त्या धुरळ्यात काठ्यांसारखे उभे दिसायचे. आपण ते बघतो आणि दळण घेऊन घरी जातो. अप्पांनी मात्र ते पकडायचा साचा केला. जुनी चाळणी, स्कूटरच्या दिव्याची काच, मोडक्या कूलरची मोटर. साचा कवडशाखाली धरायचा, बटण दाबायचं, की तूप थिजावं तसं ऊन थिजत यायचं. पिवळंधमक, आरपार दिसणारं, हाताला कोमट.

मी तीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं. प्रकाश मुठीत धरता येत नाही, हे पोरांकडून छडी दाखवून पाठ करून घेतलं. आणि हा माणूस माझ्याच जागेत उन्हाच्या बाकड्यावर मांडी घालून तंबाखू मळत बसलेला!

"बाई, बसा की."

"मी नाही बसणार. मी शिकवलंय त्याच्या विरुद्ध आहे हे."

"ते बी खरंच हाय. जरा सबर करा. ऊन अजून कच्चंय."

सबर करा, हे त्यांचं पालुपद. गिऱ्हाइकाला घाई असली तरी सबर करा, भूकंप झाला तरी सबर करा. उन्हाची पारखही ज्वारीसारखी करायचे. सकाळचं कच्चं, नऊचं पिकलेलं, दुपारचं करपलेलं. थंडीतलं म्हणे दाणेदार असतं.

खोट एकच होती. ढग आला की केलेली वस्तू गायब. एकदा उन्हाची शिडी करून माळ्यावर चढले आणि आभाळ आलं. तासभर वरून ओरडत होते, "बाई, ढग कुठवर गेला बघा वो!" एकदा आमच्या गल्लीतले एक पुढारी फोटो काढायला उन्हाच्या बाकड्यावर बसले, तेव्हाही तेच. पुढारी थेट पिठात. कपडे पांढरे होते म्हणून फारसं कळलं नाही.

अप्पांची दुसरी खोड म्हणजे चालू गिरणी मधेच बंद करायची. मधल्या दारावर आतून थाप पडली की दळण निम्म्यावर असताना खटका पाडायचे, खोलीत जायचे आणि लगेच परत यायचे. दिवसातून सात-आठ वेळा. बाया वैतागायच्या. आत निलम्माकाकू, अप्पांच्या घरच्या. दोन वर्षांपूर्वी त्यांची नजर गेली. त्यांचं हवं-नको बघत असतील म्हणावं, तर इतक्यांदा?

मग पत्र्यांचा विषय निघाला. गेल्या पावसाळ्यात लोकांची पिठं भिजली होती. मी बजावलं, "अप्पा, सोमवारी पत्रेवाला येणार. सगळे नवे घालणार."

अप्पा बाकड्यावरून ताडकन उठले. "बाई, थोडे दिस सबर करा. बसायचं ऊन जमलं. चालतं ऊन जमंना झालंय."

"चालतं?"

"थिजलं की एकाच जागी रुतून बसतंय. सूर्य म्होरं जातोय, ह्ये माघंच. त्याच्यासंगं सरकाय पायजे. भोकं बुजली तर माझं समदं गेलं बघा."

"उन्हाला चालवत औशाच्या बाजाराला धाडायचंय का?" मी म्हटलं. जिभेला हाड नाही माझ्या. अप्पा हसले नाहीत. साच्याची मोटर उचलून आत निघून गेले.

सोमवारी मी पत्रेवाल्याला घेऊन गेले, तर गिरणी बंद. मधलं दार सताड उघडं. मी आत डोकावले आणि तिथंच थांबले.

निलम्माकाकू फरशीवर बसल्या होत्या. वरच्या भोकातून मुसळाएवढं ऊन तिरपं उतरलं होतं, थिजलेलं. काकूंचा तळवा त्याच्यावर होता. आणि ऊन सरकत होतं! मुंगीपेक्षाही हळू, पण सरकत होतं, आणि काकूंचा हात त्याच्यासोबत जात होता. अप्पा भिंतीला टेकून उभे.

ऊन खालच्या फळीवरच्या डब्याला टेकलं. काकूंनी दुसऱ्या हातानं डबा चाचपला.

"आवं, ऊन डाळीच्या डब्यावर आलंय. वरणाचा वखत झाला."

अप्पा "बरं" म्हणाले आणि उपरण्यानं तोंड पुसत राहिले.

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. काकूंचा जन्म त्या एका कवडशावर गेलेला. डब्यावर आला की वरण, उंबऱ्यावर आला की जेवण, समोरच्या खुंटीवर चढला की दिवाबत्ती. नजर गेल्यावर त्या मधल्या दारावर थाप मारायच्या, "आवं, ऊन कुठवर आलं?" आणि तेवढं सांगायला अप्पा गिरणी बंद करून जायचे. मी काकूंना बोलणारं घड्याळ आणून दिलं होतं. "ते टाइम सांगतंय बाई, ऊन न्हाई सांगत," म्हणाल्या होत्या. मला तेव्हा राग आला होता. आता माझीच मला लाज वाटली.

"अप्पा, राहू द्या ते पत्रे," मी म्हटलं.

"न्हाई बाई. लोकांचं पीठ भिजतंय. ह्ये एक भोक तेवढं ठिवा, बाकीची बुजवा. मला बसाय पोतं हाय की."

पत्रेवाल्यानं त्या भोकावर काच बसवून दिली. अप्पा आता पोत्यावर बसतात. काकूंना कुणाला काही विचारावं लागत नाही. तेव्हा गिरणी सलग चालावी की नाही?

परवा माझं दळण निम्म्यावर असताना अप्पांनी खटका पाडला.

"आता काय झालं हो?" मी ओरडले.

"जरा सबर करा, बाई. दारावरची थाप बंद झाली. करमंना." आणि त्यांनी मधलं दार उघडून आत डोकं घातलं.

"अगं, ऊन कुठवर आलं?"