डॉक्टरांचा नंबर

आमच्या मंगळवार पेठेतले बापू चौगुले डॉक्टरला जीभ दाखवण्याआधी त्याचा नंबर विचारतात. सरकारी वैद्यक परिषदेत नाव नोंदवलं की डॉक्टरला मिळतो, तो नंबर.

एकदा त्यांनी दवाखान्यात कंपाउंडरला विचारलं, "नंबर काय हो?"

"सतरा."

"माझा न्हाय, डॉक्टरांचा."

"त्यांना कशाला नंबर? ते आतच हायत की."

नंबर मिळाला की बापू परिषदेला जबाबी कार्ड टाकतात, हा खरा का म्हणून. एका डॉक्टरचा नंबर दुसऱ्याच माणसाचा निघाला. बापूंनी तक्रार लावून धरली, चौकशी झाली, पाटी उतरली. तेव्हापासून बापूंना विचारल्याशिवाय पेठेत कोणी खोकतसुद्धा नाही.

हे मला सहन होत नाही. मी कागलच्या कारखान्यात हिशेब बघतो. आकडे हे माझं काम. निम्म्या गल्लीचे इन्कम टॅक्सचे फॉर्म मी भरून देतो, मला कोणी पाणीही विचारत नाही. कापडदुकानदार बापू एक आकडा विचारतात आणि लोक त्यांना खुर्ची देतात. खुर्ची बऱ्याचदा माझ्याच घरातून जाते.

मध्यंतरी हिचं पित्ताशयाचं ऑपरेशन ठरलं. सर्जन मी तीन ठिकाणी चौकशी करून निवडला होता.

"बापूंना विचारलासा काय?" ही म्हणाली.

"मी केलीय की सगळी चौकशी."

"तुमी न्हवं. बापूंनी."

बापूंनी नंबर तपासला. कार्डाचं उत्तर घेऊन आले आणि दारातूनच म्हणाले, "खरा हाय वैनी." त्या दुपारी ही गाढ झोपली. इतक्या वर्षांच्या संसारात माझ्या कुठल्या आकड्यावर ती अशी झोपलेली नाही.

ऑपरेशनच्या दिवशी बापू दुकान बंद ठेवून माझ्याआधी दवाखान्यातल्या बाकावर हजर. मी चिडून म्हटलं, "नंबर खरा निघाला ना? मग आता कशाला थांबलाय?"

बापू ऑपरेशन थिएटरच्या दाराकडेच बघत होते.

"आमची ही गेली, त्या दिवशीबी मी नंबर इचारलता, कांबळेसाहेब," ते म्हणाले. "डॉक्टरांचा न्हाय, रांगेचा. लवकर लागला म्हणून खूश झालतो."

मी त्यांच्या शेजारी बाकावर बसलो. बऱ्याच वेळानं नर्स बाहेर आली. "कांबळेंचं कोण आहे?"

माझ्याआधी बापू उठून उभे राहिले.

मी त्यांना उभं राहू दिलं.