साय काढलेलं गाणं

ही गोष्ट सांगायची मी कित्येक वर्षं टाळली. सोपानबापूंचा विषय निघाला की मी पटकन पाऊसपाण्यावर यायचो. बापू गेल्या पोळ्याला गेले. आता टाळायलाही काही कारण उरलेलं नाही.

बापू डोंगरकड्याला आमच्या शेजारी राहायचे. रोज संध्याकाळी ओट्यावर बसल्या बसल्या ते एकदम मोठ्यानं म्हणायचे, “आलो!” त्यांना कुणी बोलावलेलं नसायचं. बोलवायला घरात दुसरं माणूसच नव्हतं. आणि ‘आलो’ म्हणून ते जागचे हलायचेही नाहीत.

समोरचा किराणावाला विचारायचा, “बापू, कुठून आले आज? मुंबईहून का?”

बापूंना ते ऐकू जायचं नाही. रुमाल बांधलेल्या डोक्यावर काळा, गलेलठ्ठ हेडफोन असायचा आणि त्यात त्यांच्या मुलाचा, गजूचा, अल्बम चालू असायचा. हिप-हॉपचा. गजूनं तो कॉलेजात असताना घरीच केला होता. भाव येईस्तोवर खोलीत कापूस भरून ठेवलेला होता, त्या ढिगात बसून. कापूस आवाजाचा घुमारा गिळतो म्हणे. महिनाभर पोरगं कापसातून बाहेर यायचं ते म्हाताऱ्यासारखं पांढरंशुभ्र होऊन.

“गाणं कुठलं, भांडण हाय ते,” बापू सांगायचे. “चौथ्यात तर वारंग्याच्या फाट्यावरल्या जीपवाल्यांना धुऊन राहिलाय. पण बराबर तालात!”

फोनवर मिळणारी गाणी दाबून लहान केलेली असतात आणि दाबताना बारीकसारीक आवाज गळून जातात, हे गजूनं त्यांना एकदा समजावलं होतं. हा अल्बम मात्र त्यानं अख्खा, काहीही न गाळता, मेमरी कार्डात भरून दिला होता. बापूंनी त्याचा आपल्यापुरता अर्थ लावला. “साय काढलेलं दूध मी पीत न्हाई, भाऊसाहेब. मंग साय काढलेलं गाणं काहून ऐकू?” मी निवृत्त ग्रामसेवक, म्हणून मी भाऊसाहेब.

मग जिथंतिथं साय आली. सरपंचाचं भाषण साय काढलेलं. हॉटेलातला चहा साय काढलेला. पुण्याहून गजूचा फोन यायचा, दोन मिनिटांत संपायचा. मी विचारायचो, “काय म्हणतोय?”

“बरा हाय म्हनतो. पण फोनात साय न्हाई.”

ऐकायला बसण्याआधी ते पंखा बंद करत, कोंबड्या हाकलत आणि शेळीच्या गळ्यातली घंटी सोडून खिशात ठेवत. एकदा ती खिशातच राहिली. ग्रामसभेत ठरावाला हात वर केला आणि बापू वाजले. सगळ्यांत मोठ्यानं मीच हसलो होतो.

खरं म्हणजे मला त्यांची लाज वाटायची. स्टँडवर लोक विचारत, “तुमचे दोस्त आज कुठून आले?” या वयात भजनं ऐकावीत, हे काय? बापू मोतीबिंदूच्या ऑपरेशनला नांदेडला गेले, तेव्हा हेडफोन आणि कार्ड माझ्याकडे देऊन गेले. “तुमी शिकलेले मानसं. संभाळा.” गजूचा लॅपटॉप चोरीला गेल्यापासून सायीसकट अल्बम तेवढ्या एका कार्डात उरला होता. हे मला माहीत होतं.

मी ते कार्ड घेऊन वारंगा फाट्यावरच्या मोबाईलच्या दुकानात गेलो. म्हटलं, यात भजनं भर.

“काका, जागाच न्हाई. ही बाराच गाणी लई जड हायेत. हलकी करून टाकू? मंग दोनशे भजनं बसतील.”

“कर,” मी म्हणालो. “म्हाताऱ्या कानाला काय कळतंय?”

बापू डोळ्याला हिरवी पट्टी लावून परत आले. त्याच संध्याकाळी ओट्यावर बसले. मी माझ्या ओट्यावरून बघत होतो. ‘आलो’ची वेळ आली आणि गेली. बापूंनी हेडफोन काढला, फुंकर मारली, उलटा करून घातला. गाणं पुन्हा लावलं. पुन्हा. गल्लीत कोणी हसलं नाही, कारण हसण्यासारखं काही झालंच नाही.

“कार्डात भजनं घालून घेतलीत मी,” मी म्हणालो.

“चांगलं केलं. पण हेडफोन बिघडला वाटतं.”

त्यांनी नवा हेडफोन आणला. मग त्याहून महागाचा. शेवटी हिंगोलीहून कानाची मशीन आणली.

“शेळीचं रवंथ ऐकू येतंय आता,” ते म्हणाले, “पण तेवढं येत न्हाई.”

“तेवढं म्हणजे काय?”

बापू मशीनची वायर बोटाला गुंडाळत राहिले. “चौथ्या गाण्यात पोरगं दम घेतंय बघा. त्या दिवशी नेमका तवाच मी शेतातून आलो. फटफटी लावली. आन् चुलीपासून ती बोलली, ‘आले का हो?’ लई बारीक. भिंतीपल्याडून, कापसातून आलेलं. गजू म्हनला, काढून टाकतो. म्या म्हनलं, हात लावायचा न्हाई.” त्यांनी बोटावरची वायर सोडवली. “पुढच्या उन्हाळ्यात ती गेली. आता कान बी गेले, भाऊसाहेब.”

तेव्हाच सांगायला हवं होतं. मी म्हणालो, “वय झालं, बापू. चालायचंच.”

त्यानंतर मी किती वेळा त्यांच्या ओट्यापर्यंत गेलो. एकदा तर हिय्या करून पुटपुटलोही. पण बापूंनी मशीन काढून बाजूला ठेवली होती. कान शाबूत असलेला तो माणूस, आपण बहिरे आहोत या समजुतीनं कानामागे हात धरून पुढं वाकला. “काय म्हनता? जोरात बोला.”

“जेवलात का, विचारलं.”

“व्हय, व्हय. जेवलो.”

बापू, तुमचे कान शेवटपर्यंत चांगले होते. साय मी काढली.