तिठ्यावरच्या मिरच्या

"अगदी साधा सॉस आहे. दहा मिनिटांचं काम!" असं म्हणून खुशालरावांनी सायकलच्या कॅरियरवरची कागदी पिशवी काढली आणि बायकोपुढे धरली.

इंदूच्या एका हातात वरणभाताची वाटी होती आणि दुसऱ्या हाताने कडेवरच्या शालूला आवरणं चाललं होतं. पिशवी घ्यायला तिसरा हात कुठून आणायचा, हा प्रश्न खुशालरावांना पडला नाही. त्यांना असे प्रश्न पडत नसत. ते अकोल्याच्या शेतकी कॉलेजात गव्हावर काम करत. मेक्सिकोचा नवा गहू बघायला त्याच देशाचा एक तज्ज्ञ आला होता, रामोनसाहेब. बिचारा महिनाभर गेस्टहाऊसमध्ये उकडलेल्या बटाट्यांवर जगत होता. खुशालरावांनी त्याला आज दुपारी जेवायला बोलावलं होतं. बायकोला मात्र त्यांनी ते आज सकाळी सांगितलं.

"त्याच्या आईच्या हातचं एंचिलादा करायचं. म्हणजे काय, तर पोळीत भाजी गुंडाळायची आणि वरून लाल सॉस ओतायचा. मिरच्यासुद्धा त्यानंच दिल्यात, घरून आणलेल्या. मिरच्या मंद भाजायच्या, भिजवायच्या, लसूण-जिरं-टमाट्याबरोबर वाटायच्या. तेलात चमचाभर कणीक परतून त्यात ते ओतायचं. झालं!"

"अहो, पण शालूनं आठ दिवसांत घास घेतला नाही. उद्या आई येणार बाळापूरहून."

"मग? आईला पण सॉस वाढू," असं म्हणून खुशालराव कॉलेजात निघून गेले.

इंदू बी.ए. होती. आहारशास्त्राचा एक पेपर तिने दिला होता. चौदा महिन्यांच्या मुलाला किती प्रथिनं लागतात हे तिला झोपेतून उठवलं तरी सांगता आलं असतं. फक्त ती प्रथिनं शालूच्या तोंडात कशी जातात, हे त्या पेपरात नव्हतं. वाटी दिसली की शालू ओठ असे मिटे, की जणू पाकीट डकवलं. मागच्या खेपेला सासूबाई, पार्वताबाई, नातीचे दंड चाचपून म्हणाल्या होत्या, "पोरीले खाऊ घालून राहिली, का पुस्तक वाचून दाखवून राहिली?" ते वाक्य इंदूच्या छातीत अजून कुसळासारखं रुतलेलं होतं. उद्या सकाळच्या मोटारीने त्या उतरायच्या आत शालूच्या पोटात चार घास गेलेले तिला हवे होते. आणि आज सॉस!

तिने पिशवी उघडली. आत तळहाताएवढ्या, काळ्याकुट्ट, सुरकुतलेल्या वस्तू होत्या. मिरच्या म्हणे! वासही मनुकांसारखा. तिने शेगडीवर तवा ठेवला आणि त्या मंद आचेवर टाकल्या. शालू किरकिर करत होती, म्हणून इंदू तिला कडेवर घेऊन तव्यासमोर झुलू लागली. एक गिरकी इकडून, एक तिकडून. "गाई गाई ये ये, भाताचा घास घे घे."

नेमक्या त्याच वेळी शेजारच्या दुर्गाबाई विरजण मागायला आल्या.

दारातून त्यांनी जे पाहिलं ते असं: तव्यावर मिरच्या जळताहेत. इंदू लेकीला घेऊन त्यांच्यासमोर गोल फिरतेय आणि तोंडाने काही पुटपुटतेय. आणि ठसका? नावालासुद्धा नाही!

दुर्गाबाईंनी विरजणाची वाटी उंबऱ्यावर ठेवली. मिरच्या विस्तवात टाकल्या आणि ठसका लागला नाही, याचा अर्थ वऱ्हाडात शेंबड्या पोरालाही ठाऊक होता. नजर लागलेली आहे, आणि ती भारी आहे.

"काहून वं इंदू, लपून करून राहिली माय?" त्या हळू आवाजात म्हणाल्या. "सांगतलं असतं तं मी नसती आली का?"

"सांगायचं काय त्यात! साधी गोष्ट आहे, दहा मिनिटांची," इंदू वैतागून म्हणाली.

"साधी? मिरच्या काया पडल्या अन् साधी म्हनते! घास घेते का पोट्टी?"

"कुठला घास!"

"मंग! अन् तो गोरा सायब परवा पोरीचे गाल ओढून गेला. म्या आपल्या डोयानं पाह्यलं."

एवढ्यात शालूने इंदूचं लुगडं ओलं केलं. "जरा तव्याकडे लक्ष ठेवा हो," असं सांगून इंदू आतल्या खोलीत गेली.

लक्ष ठेवणं हा दुर्गाबाईंचा स्वभावच. इंदू लेकीचा लंगोट आणि स्वतःचं लुगडं बदलून बाहेर आली, तर तवा मोकळा. दुर्गाबाई गायब. मिठाच्या बरणीचं झाकण बाजूला, आणि जमिनीवर मोहऱ्या सांडलेल्या.

इंदू दाराशी धावली. दुर्गाबाई तिठ्याकडून परत येत होत्या. क्वार्टरांच्या टोकाला, कडुलिंबाखाली तीन वाटा मिळत, तो तिठा. चाल संथ, नजर समोर, पदर डोक्यावर.

"दुर्गाबाई, मिरच्या कुठायत?"

दुर्गाबाईंनी ओठांवर बोट ठेवलं.

"अहो, मिरच्या! पाहुण्यांच्या मिरच्या!"

दुर्गाबाईंनी स्वतःच्या पायांकडे बोट दाखवलं. मग नळाकडे. मग पुन्हा ओठांकडे. उतरवलेली नजर तिठ्यावर टाकून आलेल्या माणसाने मागे वळून बघायचं नसतं, आणि पाय धुतल्याशिवाय बोलायचं नसतं. आणि नळाला पाणी नव्हतं. शेवटी इंदूनेच शालूच्या आंघोळीची बादली आणून त्यांच्या पायांवर ओतली.

"टाकून आली!" दुर्गाबाईंना कंठ फुटला. "तिच्या पाळन्यावरून ओवाळल्या, मीठ-मव्हरी घातली, अन् ठेवल्या तिठ्यावर. आता पाह्य कशी खाते पोट्टी!"

"त्या खायच्या होत्या! सॉस करायचा होता!"

"कायच्या?"

"मेक्सिकोच्या मिरच्या आहेत त्या! त्यांना ठसका नसतोच!"

दुर्गाबाईंनी तिच्याकडे कीव येऊन पाहिलं. "ठसका नसन तं मिरची कायची, बाप्पा?"

रागावली की इंदूचं पुस्तकी मराठी गळून पडे. "आता मी पाहुण्याच्या पानात काय वाढू? डोस्कं माहं?"

ओरडा ऐकून पलीकडच्या जाईबाई आल्या. मिरच्याच ना, एवढंच ना, असं म्हणून त्यांनी घरून ओंजळभर लाल मिरच्या आणल्या. घड्याळाकडे बघत इंदूने त्या तव्यावर टाकल्या.

पुढचं कुणाला नीटसं दिसलं नाही. तव्यावरून धूर उठला आणि पहिल्या शिंकेत जाईबाई अंगणात गेल्या. मग इंदू शालूला पदरात गुंडाळून बाहेर आली. मग क्वार्टरांची सगळी ओळ खोकू लागली. कोपऱ्यावरच्या क्वार्टरात दाढी करणारे उत्तमराव अर्ध्या दाढीने बाहेर आले आणि कॉलेजवर काही पडलं का म्हणून विचारू लागले. फक्त दुर्गाबाई, डोळ्यांतून धारा लागल्या असताना, आनंदाने ओरडत होत्या.

"ठसका लागला! पाह्य वं, पाह्य! उतरली नजर!"

त्या ठसक्यातच खुशालराव सायकलवरून आले, आणि त्यांच्यामागून, तिठ्याकडच्या वाटेने, रामोनसाहेब पायी. साहेबाने हॅट काढून हातात उलटी धरली होती, ओंजळीसारखी. हसत हसत त्याने ती इंदूपुढे केली. हॅटमध्ये मीठ, मोहऱ्या आणि काळ्या मिरच्या होत्या.

"तो म्हणतो," खुशालराव खोकत खोकत साहेबाच्या इंग्रजीचं भाषांतर करू लागले, "माझ्या सायकलवरून पडल्या असतील. त्यानं एकूण एक वेचून आणल्यात."

अंगणात सगळे खोकायचंसुद्धा विसरले. तिठ्यावरचं उचलून घरी आणणारा मनुष्य या ओळीत आजवर कुणी पाहिला नव्हता. जाईबाई आपल्या पोरांना गोळा करून घरात गेल्या. दुर्गाबाई हॅटपासून दहा पावलं मागे सरकल्या.

"इंदू, त्या घरात नेशीन तं आपली बोलचाल बंद!"

मग इंदूचं डोकं सणकलं. नजर-बिजर ती मानत नव्हती. ती जंतू मानत होती. तिठ्यावर गुरं बसत, कुत्री फिरत, आणि उत्तमराव पान खाऊन तिथेच थुंकत. तिने मिरच्या पाच पाण्यांनी धुतल्या आणि उकळायला ठेवल्या. एवढा वेळ उकळल्या, की खुशालराव दोनदा आत डोकावून "अजून दहा मिनिटं?" म्हणाले आणि दोन्ही वेळा तिचा चेहरा बघून परत गेले.

एवढं झाल्यावर सॉस मात्र खरंच दहा मिनिटांत झाला. पाट्यावर मिरच्या लोण्यासारख्या वाटल्या गेल्या. तेलात कणीक खमंग परतली, वाटण पडलं, आणि विटकरी रंगाचा दाट रस रटरटू लागला. साहेबाने पोळीत बटाट्याची भाजी गुंडाळून वर तो सॉस ओतला, पहिला घास घेतला, आणि डोळे मिटले. मग डोळे पुसत तो बराच वेळ आपल्या भाषेत काहीतरी बोलला. खुशालरावांना त्या भाषेतलं ओ की ठो कळत नव्हतं, तरी ते म्हणाले, "आईची आठवण आली त्याला."

शालू साहेबाच्या मांडीजवळ रांगत गेली. तिने बोट त्याच्या ताटात घातलं. इंदू "अहो, तिखट!" म्हणून धावेपर्यंत बोट तोंडात गेलं होतं. शालूने विचार केला. मग तिने तोंड उघडलं. आ वासून, चिमणीच्या पिल्लासारखं. साहेबाने पोळीचा तुकडा सॉसमध्ये बुडवून दिला. मग आणखी एक. मग तिने अर्धी पोळी खाल्ली.

"सॉस!" खुशालराव छाती फुगवून म्हणाले.

"नजर!" खिडकीच्या गजातून दुर्गाबाई म्हणाल्या. बोलचाल बंद होती, पण हे खिडकीला सांगितलेलं होतं.

उकळण्याचं श्रेय कुणीच दिलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी शालूचे ओठ पुन्हा मिटलेले. वरणभात नाही, दूध-पोळी नाही. सॉसचं पातेलं साहेब कालच बोटांनी निपटून गेला होता. इंदू शेवटी खिडकीशी गेली.

"दुर्गाबाई, त्यातली एखादी मिरची राहिली का हो तिथं?"

खिडकीतून उत्तर आलं. "एक नालीकडं गडगडत गेली व्हती. म्या पाह्यलं तं नाही, पन आवाज आला."

मोटार यायला अवकाश होता. इंदूने शालूला कडेवर घेतलं, पदर डोक्यावर ओढला आणि ती तिठ्यावर गेली. नालीच्या काठाला, लिंबाच्या मुळाशी, मिठाचे खडे चिकटलेली, ती होती. इंदू वाकली. उचलली. आणि घुंगरांचा आवाज आला.

टांगा अगदी तिठ्यावर थांबला. मोटार आज लवकर आली होती. पार्वताबाई खाली उतरल्या आणि बघत राहिल्या. सून, डोक्यावर पदर, कडेवर नात, हातात काळी मिरची, पायाशी मीठ-मोहरी.

"आई, ते... मी ही उकळून..."

पार्वताबाईंनी हात वर केला. मग त्यांनी आपल्या थैलीचं तोंड मोकळं केलं. आत लिंबं होती, बिब्बे होते, काळा दोरा होता आणि लाल मिरच्यांची पुरचुंडी होती.

"रातभर झोप नाही मले," त्या घोगऱ्या आवाजात म्हणाल्या. "म्हटलं, शिकलेली सून. हे पोरीवरून ओवाळू देते का नाही देत. अन् तू तं माह्या आंधीच... माय माही!" त्यांनी इंदूच्या गालावरून हात फिरवून आपल्या कानशिलावर बोटं मोडली. लग्नानंतर हे पहिल्यांदाच झालं.

"नाही हो आई, ऐका तर, हे सॉससाठी..."

"शू! बोलू नोको!" सासूबाईंनी तिच्या तोंडावर हात ठेवला. "आंधी घरी चाल. पाय धू."

आणि इंदू, बी.ए., मिरची मुठीत धरून, मागे वळून न बघता, घरापर्यंत एक शब्दही बोलली नाही.