शौकतभाईंच्या डीएनएस नोंदी

शौकतभाई मुलाणी भेटल्यावर तब्येत विचारत नाहीत. ‘‘तुमचा ए रेकॉर्ड कुठं दाखवतोय, भाऊ?’’ असं विचारतात. चाकणजवळ निघोज्यात माझ्या गाळ्याला लागून त्यांचा गाळा. धंदा यंत्रं पॅक करायच्या लाकडी पेट्यांचा. वेड मात्र स्वतःच्या वेबसाइटचं.

डीएनएस, म्हणजे इंटरनेटवर साइटचा पत्ता सांगणारी सोय, मला त्यांनीच शिकवली. महाळुंग्याच्या फाट्यावर ट्रकवाला चहाच्या टपरीवर पत्ता विचारतो ना, ती टपरी म्हणजे डीएनएस. टपरीवाला माल ठेवत नाही, नुसतं बोट दाखवतो. साइट कुठल्या गाळ्यात बसते ते सांगणारा ए रेकॉर्ड, ईमेलचं टपाल कुठं टाकायचं ते सांगणारा एमएक्स. आणि एकदा विचारून गेलेला ट्रकवाला काही काळ पुन्हा विचारत नाही, म्हणून नोंद बदलली की ती सगळीकडे पसरायला वेळ लागतो. ‘‘पसरू द्यावं, राव,’’ हे त्यांचं पालुपद. भाजीत मीठ कमी पडलं तरी तेच.

साइट नव्या सर्व्हरवर नेली तेव्हा त्यांचा चष्मा दुरुस्तीला होता. ते नोंदी सांगत गेले, मी भरत गेलो. शेवटची नोंद होती दत्ताच्या पानाची; त्याला त्याच्या नावाचा वेगळा पत्ता होता. दत्ता त्यांचा भागीदार. एका खेपेच्या फळ्या तो ओल्या म्हणे, हे सुक्या म्हणत. त्यावरून असं वाजलं, की दत्ता लातूरला गेला तो गेलाच. गेलेल्या माणसाची नोंद कशाला, म्हणून मी ती गाळली आणि ‘भरली’ म्हणालो.

साइट दिसू लागली, दत्ताचं पान काही दिसेना. शौकतभाई खूष. पसरतंय म्हणाले. कासारवाडीच्या साडूला फोन, चाकणच्या वेल्डरला फोन, दत्ताचं पान उघडतंय का बघ. ‘न्हाई’ ऐकलं की यांचा उत्साह दुप्पट. आठवडाभर हेच, आणि मी शेजारी बसून त्यांचाच चहा पितोय. शेवटी कप खाली ठेवला. सांगून टाकलं, ती नोंद मी भरलीच नव्हती.

चिडतील असं वाटलं होतं. त्यांनी लॅपटॉप माझ्याकडं सरकवला. ‘‘आता भरा. त्याला तेवढाच पत्ता पाठ हाय. त्याच्या कार्डावर तोच छापलाय.’’

भरली. दोघंही खुर्च्या सोडून उभे. बऱ्याच वेळानं वेल्डरचा फोन आला, दिसतंय. मग कासारवाडीलाही दिसलं. शौकतभाईंनी मला गच्च मिठी मारली, आणि तशातच कानाशी विचारलं, ‘‘लातुरात कोण हाय का तुमचं?’’

मेहुणा आहे. फोन स्पीकरवर टाकला.

‘‘उघडलं की, दाजी,’’ तो म्हणाला. ‘‘पण हितं एकच ओळ हाय. ‘दत्ता, फळ्या ओल्याच होत्या.’ म्हंजे काय?’’

शौकतभाई शर्टावरचा भुसा झटकत राहिले.

‘‘पसरू द्यावं, राव,’’ म्हणाले. पण फारच हळू.