प्रशासकाशिवाय मोटार चालत नाही

कम्प्युटर मला कळतो, हे आधीच सांगून टाकतो. मिल बंद पडली तेव्हा आमच्या टाइम ऑफिसातली मंडळी पोह्यांच्या गाडीवर उभी राहून सरकारला शिव्या देत होती, आणि मी कम्प्युटर क्लासात पहिल्या बाकावर बसलो होतो. आजूबाजूला सगळी माझ्या पुतण्याच्या वयाची पोरं. मी माउस धरला की ती तोंड फिरवून हसायची. हसू देत. मी क्लास पुरा केला आणि अन्नपूर्णेच्या देवळाजवळच्या आमच्या गृहनिर्माण सहकारी संस्थेत कारकुनाची नोकरी पटकावली. अध्यक्ष दौलतरावांनी विचारलं, "बाळकृष्णजी, कम्प्युटर येतो ना?" मी म्हणालो, "साहेब, तो माझं ऐकतो."

नोकरी मात्र कच्ची होती. "महिनाभर बघू," दौलतराव म्हणाले होते. "नाही जमलं तर एखादी शिकलेली पोरगी आणू." या वयात मला दुसरी नोकरी कोण देणार? शहरात रोज एक भोंगा गप्प होत होता आणि जो तो कुठेतरी चिकटायला बघत होता. आमच्या रमेने तर मी पहिल्या दिवशी कामावर निघालो तेव्हाच पापडाचं पीठ मळायला घेतलं. मी विचारलं, "हे कशाला?" ती म्हणाली, "असू दे, हाताशी धंदा असलेला बरा." बायकोचा विश्वास हा असा असतो.

कम्प्युटर बसवला होता अमिताने. तिचं जवळच दुकान होतं आणि बोलणं असं चटपटीत, की ऐकताना माणसाला सगळं समजल्यासारखं वाटे. मशीनबरोबर तिने एक सीडी फुकट दिली होती, मोटारींच्या शर्यतीच्या खेळाची. वर लालभडक मोटार. आयुष्यात मी सायकलच्या पुढे गेलेलो नाही. त्या दुपारी ऑफिसात चिटपाखरू नव्हतं, पावत्या टाइप करून झाल्या होत्या, आणि ती मोटार माझ्याकडे बघत होती. मी सीडी घातली.

मोटार काही आली नाही. आली एक पाटी. हा खेळ चालवायला ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार लागतात, तुम्हाला ते नाहीत, आपल्या ॲडमिनिस्ट्रेटरशी संपर्क साधा. ओकेचं बटण दाबलं, पाटी गेली. सीडी पुन्हा घातली, पाटी आली. कम्प्युटर माझं ऐकतो असं मी सांगून बसलेलो, आणि हा माझ्या तोंडावर म्हणतोय की तुला अधिकार नाहीत. मी अमिताला फोन लावला.

"अमिताजी, इथे साफ लिहून आलंय की ॲडमिनिस्ट्रेटरशिवाय काही चालणार नाही," मी म्हणालो. "माझे अधिकार नाहीत? बरं. अध्यक्षांचे तर असतील? त्यांचे पण नाहीत? मग ॲडमिनिस्ट्रेटर बसवा ना. आजच बसवा. हो, संध्याकाळपर्यंत चालेल. फक्त एक करा, दौलतरावांना याची हवा लागू देऊ नका."

फोन ठेवून वळलो, तर दाराचा पडदा हलत होता. वारा असेल असं मला वाटलं.

तो वारा नव्हता, संताजी होते. संताजी आमच्या संस्थेचे सर्वांत जुने सभासद. नळाला पाणी येत नाही ही तक्रार घेऊन ते नेमाने येत आणि नेमाने परत जात. बोअरिंगचं पाणी कॉलनीच्या टाकीत का चढत नाही, हे कोडं कुणालाच सुटलेलं नव्हतं. त्या दिवशी ते पडद्यापाशी आले आणि माझा फोन ऐकून तक्रार न करताच माघारी फिरले.

आता सहकारी संस्थेत वावरलेल्या माणसाला वेगळं सांगायला नको. ज्यांना अनुभव नाही त्यांच्यासाठी सांगतो. निवडणूक टाळली, कारभारात घोळ घातला, की वरून, म्हणजे भोपाळहून, आदेश येतो, मंडळ बरखास्त होतं आणि संस्थेवर प्रशासक बसतो. तो अध्यक्षांच्या खुर्चीत बसतो, किल्ल्या मागून घेतो आणि जुन्या भानगडी उकरायला लागतो. सरकारी कागदावर याच प्रशासकाला इंग्रजीत ॲडमिनिस्ट्रेटर म्हणतात. आणि आमच्या दौलतरावांनी निवडणूक इतक्या वर्षांत घेतलेली नव्हती, की मतदारयादीतले निम्मे सभासद देवाघरी गेले होते.

मला यातलं काही सुचलंच नाही. मी मोटारीच्या विचारात. तिकडे संताजींनी पहिल्या घरी सांगितलं, "ॲडमिनिस्ट्रेटर बसतोय." दुसऱ्या घरी तो भोपाळहून निघाला. भाजीच्या ठेल्यापाशी पोचेपर्यंत त्याच्याबरोबर पोलीसही होते. आमचे खजिनदार वासुदेवराव एरवी देवाच्या वाटेला जात नाहीत, पण बातमी ऐकताच त्यांना महाकालाची ओढ लागली आणि ते पहिल्या बसने उज्जैनला गेले.

इतक्यात दौलतराव ऑफिसात शिरले. दुपारची झोप मोडलेली, सदऱ्याची बटणं वरखाली.

"बाळकृष्णजी, संताजी बोलतोय ते सच आहे का?"

म्हणजे पडद्यामागे संताजी होते, आणि खेळाची बातमी साहेबांपर्यंत गेली. खोटं बोलण्यात अर्थ नव्हता. "सच आहे साहेब," मी म्हणालो. "पण माझा इरादा वाईट नव्हता."

"तुमचा काय कसूर? तुम्ही पगारी माणूस. पण त्याला बुलावला कोणी?"

"मीच, साहेब. त्याच्याशिवाय चालतच नव्हतं."

दौलतराव खुर्चीत बसले. खरं तर कोसळले. माझी नोकरी गेली, हे मला त्यांच्या चेहऱ्यावर स्वच्छ दिसलं. पण ओरडण्याऐवजी ते हळू आवाजात म्हणाले, "त्याचे अधिकार किती असतात हो?"

"पूर्ण. अमिताजी म्हणाल्या, तो एकदा बसला की त्याला कुठेच रोकटोक नाही. आपण आत दडवून ठेवलेलं असतं ना, ते पण त्याला दिसतं."

"दडवलेलं पण?"

"सगळं, साहेब. पुसून टाकलेलं सुद्धा निघतं म्हणे."

"आणि जमिनीखालचं?"

हा प्रश्न मला जरा चमत्कारिक वाटला. पण अध्यक्षांना अज्ञानी कशाला म्हणा? "त्याच्यापासून काहीच लपत नाही," मी ठासून सांगितलं.

दौलतराव उठले आणि चपला न घालता बाहेर गेले. पाच-दहा मिनिटांत प्लंबर पांडुरंग पहार घेऊन आला, आणि ऑफिसामागची जमीन खणू लागला. मी खिडकीतून बघत राहिलो. जमिनीतून एक जाड पाइप निघाला. तो बोअरिंगपासून निघून कॉलनीची टाकी टाळून थेट अध्यक्षांच्या बंगल्यात जात होता. पांडुरंगाने तो कापला आणि टाकीला जोडला. गोळा झालेल्या लोकांना दौलतराव म्हणाले, "आत्ताच पत्ता लागला बघा. कोणी केलं असेल हे?" लोकांनी टाळ्या वाजवल्या. थोड्या वेळाने कोणाच्या तरी घरातून बाई ओरडली, "अहो, नळाला पाणी आलं!" आणि अर्धी कॉलनी बादल्या आणायला धावली.

संध्याकाळी अमिता स्कूटरवरून उतरली. खांद्याला बॅग. फाटकात संताजी झेंडूचा हार घेऊन उभे होते, मागे बायामाणसं.

"आपण?" संताजींनी विचारलं.

"ॲडमिनिस्ट्रेटर बसवायला आले," अमिता म्हणाली.

संताजींनी हार तिच्या गळ्यात घातला. ती गोंधळली, पण दुकानदार बाई, हसून सगळ्यांना नमस्कार केला. आत दौलतरावांनी उभं राहून आपली खुर्ची पुसली आणि किल्ल्यांचा जुडगा तिच्यापुढे धरला. "मॅडम, निवडणूक मी पुढच्याच महिन्यात घेणार होतो. खोटं नाही बोलत."

अमिताने किल्ल्या बघितल्या, मला बघितलं, आणि म्हणाली, "काका, तुमचा तो मोटारवाला गेमच चालत नव्हता ना? की अजून काही बिघडलंय?"

मी भिंतीला टेकलो. भर ऑफिसात, सभासदांसमोर माझं बिंग फुटलं होतं. रमेच्या पापडांचे मला आता भास व्हायला लागले. अमिताने दोन मिनिटांत सगळ्यांना समजावलं. हा ॲडमिनिस्ट्रेटर मशीनच्या आतला, भोपाळचा नाही. तिने काहीतरी टाइप केलं आणि स्पीकरमधून मोटारीचं इंजिन असं गरजलं की संताजी मागे सरकले.

"म्हणजे वरून कोणी येत नाहीये?" दौलतरावांनी विचारलं.

"कोणी नाही."

"काही आदेश?"

"काही नाही, काका."

दौलतरावांनी एक लांब श्वास सोडला आणि ते तांब्यातलं पाणी घटाघटा प्यायले. मग माझ्याकडे वळले. "म्हणजे बाळकृष्णजी, तुम्ही ऑफिसच्या टायमात..."

"काका, आधी हे सांगा," अमिता मध्येच म्हणाली. तिला दुकान बंद करायचं होतं. "ॲडमिनिस्ट्रेटर कोणाला करू? पासवर्ड एकाच माणसाकडे पाहिजे."

"अध्यक्ष नको," मागून आवाज आला.

"बाळकृष्णजींना करा," संताजी म्हणाले. "त्यांनी फोन केला म्हणून पाणी आलं." आणि त्यांनी हात वर केला. मग सगळ्यांनीच केला. संस्थेत इतक्या वर्षांनी मतदान होत होतं, लोक हौसेने करत होते. दौलतरावांनी ते वर झालेले हात बघितले, कापलेल्या पाइपाचा तुकडा बघितला, आणि त्यांचाही हात हळूहळू वर गेला.

"ठीक आहे," ते म्हणाले. "बाळकृष्णजी आजपासून पक्के."

खरं सांगतो, त्या क्षणी मला रडू येईल असं वाटलं. घरी गेलो तो उडतच. रमेने सगळं ऐकलं, पिठाच्या डब्यावर झाकण लावलं आणि मला म्हणाली, रात्री सराफ्यात लागणाऱ्या ठेल्यांवर जाऊन तळलेल्या कंदाचे गराडू खाऊ या. लग्नानंतर पहिल्यांदाच तिने आपणहून कुठे जाऊ या म्हटलं असेल.

तेव्हापासून सगळं सुरळीत आहे. निवडणूक झाली, दौलतरावच पुन्हा निवडून आले, पाणी टाकीतच चढतं. पासवर्ड फक्त मला माहीत आहे, त्यामुळे माझ्या नोकरीला धक्का लावायची कुणाची छाती नाही. रोज दुपारी जेवण झालं की दौलतराव येतात, खुर्ची कम्प्युटरपाशी ओढतात आणि अदबीने म्हणतात, "बाळकृष्णजी, जरा ॲडमिनिस्ट्रेटर लावून द्या ना." मी कीबोर्डवर हाताचा आडोसा धरून पासवर्ड टाकतो. मग पाच वाजेपर्यंत ते शर्यत खेळतात, आणि मी त्यांच्यामागे उभा राहून "साहेब, ब्रेक, साहेब, वळण" असं सांगत असतो. लाल मोटार मी अजून एकदाही चालवलेली नाही.