बांधावरून परत गेलेला दगड

“तुमचा कुणाचा इश्वास बसायचा नाय, पण ह्यो दगड माह्या वळखीचा हाय,” आप्पासाहेब म्हणाले.

वाळूजजवळच्या बजाजनगरच्या बागेत, बाकावर बसून व्यंकटरावांनी नुकतीच पेपरातली बातमी वाचून दाखवली होती. सूर्याभोवती फिरणारा एक धोकादायक लघुग्रह पुन्हा पृथ्वीच्या वाटेजवळून जाणार होता. शेजारी आप्पासाहेबांच्या पत्नी द्वारकाबाई मेथी निवडत होत्या. नवऱ्याने सूर लावला तसा त्यांचा हात थांबला.

मागच्या खेपेला हा दगड आला ते साल दुष्काळाचं. सोयगावकडच्या त्यांच्या गावात टँकर दिसला की देव भेटल्यासारखं व्हायचं. मुलगा वाळूजला कारखान्यात लागलेला; त्याच्या दोन खोल्यांत राहायला जायचं म्हणून द्वारकाबाईंनी बोचकीही बांधली होती. आप्पासाहेबांचा पाय मात्र शेतातून निघेना. तेवढ्यात रेडिओवर दगडाची बातमी आली आणि त्यांना बुद्धी सुचली. लोणारचं तळं असल्याच दगडाने पाडलेलं. तसा हा आपल्या विहिरीशेजारी पडणार, मग पुढच्या पिढ्यांना पाणीच पाणी. अशा वेळी शहरात जाणं म्हणजे लक्ष्मी टिळा लावायला आल्यावर तोंड धुवायला जाणं. द्वारकाबाईंनी बोचकी सोडली.

गोष्ट पारावर गेली. घाबरलं कुणीच नाही. शेजारचा सांडू बांधावर येऊन भांडला, की उतार त्याच्याकडे आहे, दगड गडगडत त्याच्याच रानात येणार, तेव्हा तळं त्याचं. सरपंचांनी तळं गायरानात हवं म्हणून ग्रामसभेत ठराव केला. ठरावाची कुणकुण टँकरवाल्याला लागली. गावाला स्वतःचं तळं होतंय म्हटल्यावर तो टँकर दुसऱ्या गावाला वळवून मोकळा झाला. मग रिकामे हंडे घेऊन बाया आप्पासाहेबांच्या ओट्यावर येऊन बसल्या.

“मग? पडला का दगड?” व्यंकटरावांनी विचारलं.

“आला ना. सांजच्याला मी बांधावर हुबा. म्हशीएवढा, लालबुंद. इहिरीवर आला अन् जरा थांबला. खाली सांडूची अन् माही हद्दीवरून हमरीतुमरी चाललेली. दगडानं बघितलं. वादातल्या जमिनीत कोण पाय ठेवतंय? वळला अन् गेला निघून. तवापासून हेलपाटे घालतोय बिचारा, निकाल लागला का बघायला.”

व्यंकटराव हसता हसता चष्मा पुसू लागले. आप्पासाहेब मात्र कंपन्यांच्या शेडांवरून दिसणाऱ्या आभाळाच्या पट्टीकडे बघत राहिले. गावाकडचं आभाळ लई मोठं व्हतं, एवढंच पुटपुटले.

द्वारकाबाईंनी मांडीवरची काडी झटकली.

“कुठला दगड बघितला? बायांच्या भ्यानं दुपारीच तुम्ही टेम्पो बोलावला. सांजच्याला आपण वाळूजच्या वाटंला, सिल्लोडच्या पुढं व्हतो. डायवरशेजारी जागा असून तुम्ही मागं नांगरावर बसले, शेताकडं तोंड करून. दोन खोल्यांत नांगर कशाला, म्हणून मी इचारलं, तर इथं येईस्तोवर बोलले नाय.”