कंस राहिलेली वजाबाकी

आमच्या शेजारच्या बोरसे सरांनी एकदा सलग चार दिवस दुधीची भाजी खाल्ली, पण कंस काही सोडला नाही.

झालं असं, की त्यांच्या बायकोने, म्हणजे सुमनवहिनींनी, कौतुकाने सरांच्याच भाषेत यादी लिहून दिली: 'सगळ्या भाज्या − कारली + दुधी'. वहिनींना दोन्ही नको होतं. सरांनी कारली तेवढी वगळली आणि भलेमोठे दोन दुधी उचलून आणले. वर म्हणाले, "वजापुढे कंस घातला असतास तर दुधीही गेला असता."

सर मूळचे धुळ्याकडचे. सिल्वासातल्या आमच्या शाळेत ते गणित शिकवतात, मी मराठी. बीजगणितातल्या अपूर्णांकांची वजाबाकी म्हणजे त्यांचा जीव की प्राण. स्टाफरूममध्ये समोशांवरून वाद पेटतो, एकजण प्लेटा मोजतो, दुसरा नग, आणि सर वहीतून डोकं वर न काढता म्हणतात, "आधी छेद समान करा, मग वजा करा."

छेद समान झाला की दुसऱ्या अंशाला कंस हवाच. तो नसला तर वजा चिन्ह पहिल्या पदालाच लागतं, मागचं पद तसंच निसटतं. असं गणित दिसलं की सर लाल पेनने भोपळा काढतात. राखोलीच्या कारखान्यांतल्या कामगारांची मुलं अर्ध्या मार्कासाठी काकुळतीला येतात. "कंस नाही तर काही नाही, भो. बस जागेवर." मला त्यांचा अगदी राग यायचा.

अशा माणसाच्या बायकोने चाळिशी उलटल्यावर बाहेरून दहावीला बसायचं ठरवलं. लहानपणी गणितात नापास झाल्या आणि शाळा सुटली, ती सल होती. मागच्या खेपेला दीड मार्काने राहिल्या. "यंदा नाही जमलं तर पुस्तकं रद्दीत," असं त्यांनी मला सांगूनच टाकलं होतं. रोज संध्याकाळी भिंतीपलीकडून ऐकू यायचं, "कंस, सुमन, कंस." पाठोपाठ, "अहो, आधी कुकर बघू द्या."

पेपरच्या दिवशी सर आणि मी केंद्राबाहेर उभे होतो. वहिनी घाम पुसत आल्या.

"वजाबाकी आली?"

"आली ना. तीन भागिले एक्स वजा दोन, त्यातून दोन भागिले एक्स अधिक तीन काढायचे."

"छेद समान केला?"

"केला की. वर एक्स अधिक पाच आलं."

एक्स अधिक तेरा यायला हवं होतं. भिंतीपलीकडून ऐकून ऐकून एवढं मलाही कळत होतं. कंस राहिला होता.

"बरोबर आहे ना हो?"

"जवळपास," सर म्हणाले. हा शब्द मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदा ऐकला. मग त्यांनी वहिनींना उसाचा रस पाजला, आल्याचा, बर्फ न घालता, त्यांना आवडतो तसा.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत सर एका कागदावर वाकून बसले होते. शिपाई धनसुखभाई दोनदा सांगून गेले, "साहेब, चा ठंडी थई गई." मी डोकावून पाहिलं. तेच गणित होतं, कंसाशिवाय सोडवलेलं, आणि बाजूला लाल पेनने लिहिलं होतं: छेदाचा एक मार्क, गुणाकाराचा अर्धा. थट्टा करायला मी तोंड उघडलं होतं, पण ते मिटून शेजारची खुर्ची ओढली.

सरांनी वर पाहिलं.

"मॅडम, पेपर तपासणारा माणूस बरा असेल ना हो?"